ओसामु तेझुका : एका जपानी चित्रकथाकाराचीं घडणीचीं वर्षें

जपानी चित्रकथांचीं पुस्तकें आतां आपल्या शहरांतील सुशिक्षित घरांतूनहि दिसूं लागलीं आहेत. मुलें तीं तासन्‌तास वाचीत बसतात, आणि वडील मंडळी कधीं कौतुकानें, तर कधीं कपाळाला आठ्या घालून त्यांच्याकडे पाहतात. ह्या चित्रकथांना जपानी भाषेंत ‘मांगा’ असें नांव आहे. मोठमोठ्या डोळ्यांचीं पात्रें, चौकटीमागून चौकट धांवत जाणारा प्रसंग, आणि शेंकडों पानें चालणारें कथानक, हीं त्यांचीं लक्षणें आज सर्व जगाच्या परिचयाचीं झालीं आहेत. तीं एकट्या माणसानें निर्माण केलीं असें नाहीं. परंतु तीं एकत्र आणून त्यांना स्थिर रूप देण्याचें श्रेय मुख्यतः एका तरुणाकडे जातें. त्याचें नांव ओसामु तेझुका. वयाच्या सतराव्या वर्षीं त्यानें पहिली चित्रमालिका प्रसिद्ध केली, आणि पंचविशीला पोंचेपर्यंत जपानी बालवाङ्मयाचें रूप पालटून टाकलें. पुढील पस्तीस वर्षांतील त्याच्या कीर्तीविषयीं पुष्कळ लिहिलें गेलें आहे. मी आज बोलणार आहें तें त्या कीर्तीच्या आधींच्या काळाविषयीं. हा मुलगा कोणत्या घरांत वाढला, त्यानें काय पाहिलें, काय सोसलें, आणि त्यांतून त्याची कला कशी आकारास आली, एवढाच आजचा विषय आहे.

प्रथम एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. ‘मांगा’ हा शब्द तेझुकापेक्षां फार जुना आहे. प्रसिद्ध चित्रकार होकुसाई ह्यानें आपल्या रेखाटनांच्या संग्रहाला हेंच नांव दिलें होतें, आणि त्या संग्रहाचा पहिला भाग १८१४ सालीं निघाला. विसाव्या शतकाच्या आरंभीं राकुतेन किताझावा ह्यानें हा शब्द वर्तमानपत्री व्यंगचित्रांच्या अर्थानें रूढ केला. १९०५ सालीं त्यानें ‘टोकियो पक्’ नांवाचें व्यंगचित्रांचें नियतकालिक काढलें. १९३० सालीं साको शिशिदो ह्याची ‘स्पीड तारो’ ही चित्रमालिका सुरू झाली. तींत धांवत्या गाड्या आणि विमानें निरनिराळ्या कोनांतून दाखविलेलीं होतीं. १९३१ पासून सुइहो तागावा ह्याचा ‘नोराकुरो’ नांवाचा काळा भटका कुत्रा सैन्यांत भरती होऊन जपानी मुलांचा लाडका झाला. लहानपणीं तेझुकानें हा कुत्रा गिरवून गिरवून काढला होता. तात्पर्य, त्याच्या पुढें पाटी कोरी नव्हती. तीवर बरेंच कांहीं लिहिलेलें होतें.

ओसामुचा जन्म ३ नोव्हेंबर १९२८ रोजीं ओसाका शहराजवळच्या तोयोनाका येथें झाला. तो पांच वर्षांचा असतां त्याचें कुटुंब ताकाराझुका ह्या गांवीं राहावयास गेलें. ताकाराझुका हें मुळांत ऊन पाण्याच्या झऱ्यांचें लहानसें ठिकाण. इचिझो कोबायाशी नांवाच्या धडाडीच्या उद्योजकानें १९१० सालीं तेथपर्यंत विजेची गाडी नेली, आणि गाडीला उतारू मिळावे म्हणून तेथें करमणुकीचीं साधनें उभीं केलीं. त्यांतच १९१४ सालीं त्यानें केवळ मुलींच्या एका नाटकमंडळीचे प्रयोग सुरू केले. ह्या मंडळींत पुरुषांच्या भूमिकाहि मुलीच करीत. आजहि तीच प्रथा चालूं आहे. संगीत, नृत्य, झगझगीत पोषाख, युरोपांतील राजवाड्यांचे देखावे, आणि लांबच्या प्रेक्षकांनाहि भाव दिसावा म्हणून रंगवून मोठे केलेले डोळे, असा तो सारा थाट असे. ओसामुच्या आईला ह्या नाटकांची अतिशय आवड होती, आणि मुलाला घेऊन ती वरचेवर नाटकगृहांत जाई. पुढें त्याच्या चित्रांत जे टपोरे, चमकदार डोळे आले, त्यांचें मूळ जसें अमेरिकन व्यंगचित्रपटांत आहे, तसेंच ह्या रंगभूमींतहि आहे.

आईचें ऋण येथेंच संपत नाहीं. चित्रकथा म्हणजे अभ्यास बुडविण्याचें साधन, असें मानणारे पालक त्या काळीं जपानांतहि पुष्कळ होते. तेझुकांच्या घरीं मात्र आईच मुलांना चित्रकथा वाचून दाखवी, आणि वाचतांना प्रत्येक पात्राचा आवाज निराळा काढी. वडील छायाचित्रणाचे शौकीन होते. त्यांनीं घरीं ‘पाथे बेबी’ नांवाचें, फ्रेंच बनावटीचें, लहान पडद्यावर चित्रपट दाखविण्याचें यंत्र आणलें होतें. खोलींत अंधार करून घरांतल्या घरांत चित्रपट पाहिले जात. त्यांत चॅप्लिनचे विनोदी पट असत, तसे मिकी माउसचेहि असत. लेखणी नीट धरतां येण्यापूर्वींच ह्या मुलानें चित्र हलतांना पाहिलें होतें, ही गोष्ट ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. इतर मुलांच्या दृष्टीनें चित्र म्हणजे एक स्थिर वस्तु होती. ह्याच्या दृष्टीनें तें एका हालचालीचें थबकलेलें क्षणचित्र होतें.

शाळेंत ओसामुचे दिवस फारसे सुखाचे नव्हते. शरीर लहानखुरें, डोळ्यांवर चष्मा, आणि जपानी मुलांत क्वचित् दिसणारे कुरळे केस. त्यामुळें सोबती त्याला चिडवीत आणि त्याच्यावर गाणीं रचीत. पण तो चित्र काढूं लागला कीं, हींच मुलें त्याच्या भोंवतीं जमत. चित्र हें त्याचें दुबळ्याचें शस्त्र होतें, आणि लोकांशीं मैत्री जोडण्याचा मार्गहि तोच होता.

दुसरा छंद किड्यांचा. ताकाराझुकाच्या मागील डोंगरांत तो फुलपाखरें व भुंगेरे गोळा करीत हिंडे. कीटकांचा एक सचित्र ग्रंथ चाळतांना त्याला ‘ओसामुशी’ नांवाच्या भुंगेऱ्याचा पत्ता लागला. ‘मुशी’ म्हणजे किडा. स्वतःच्या नांवाशीं असलेलें हें साम्य पाहून त्याला इतका आनंद झाला कीं, त्यानें आपल्या नांवापुढें किड्याचें अक्षर जोडून टाकलें. लिहितांना किडा दिसावा, उच्चार मात्र ‘ओसामु’ असाच राहावा, अशी ही युक्ति. पुढें हेंच नांव त्यानें जन्मभर वापरलें. त्या वयांत त्यानें काढलेलीं कीटकांचीं रंगीत चित्रें आजहि जपून ठेवलेलीं आहेत. त्यांतील पायांचे सांधे आणि पंखांवरील ठिपके पाहिले म्हणजे हें एखाद्या शास्त्रज्ञाचें काम वाटावें. सुरवंटाचा कोश होतो, कोशांतून फुलपाखरूं निघतें, हें रूपांतर त्यानें प्रत्यक्ष पाहिलें होतें. त्याच्या कथांतून एक रूप टाकून दुसरें घेणारीं पात्रें पुन्हां पुन्हां भेटतात, तीं ह्या डोंगरांतूनच आलीं असावींत असें वाटतें.

इतक्यांत युद्ध आलें. १९४१ सालीं ओसामु ओसाकांतील कितानो माध्यमिक शाळेंत दाखल झाला, आणि त्याच वर्षाच्या अखेरीस जपान अमेरिकेविरुद्ध युद्धांत उतरलें. अमेरिकन चित्रपट बंद झाले, आणि चित्रें काढीत बसणें हा मुलाचा आळशीपणा व देशाशीं बेइमानी ठरूं लागली. अशक्त मुलांना कणखर करण्यासाठीं चालविलेल्या एका शिबिरांत त्याला पाठविण्यांत आलें. तेथें अन्न अपुरें आणि स्वच्छतेचें नांव नाहीं. त्याच्या दोन्ही हातांना बुरशीचा असा विकार जडला कीं, हात कापावे लागतात कीं काय अशी वेळ आली. एका डॉक्टरानें उपचार करून ते वाचविले. ज्या हातांनीं पुढें हजारों पानें काढावयाचीं होतीं, ते असे थोडक्यांत बचावले. आपणहि डॉक्टर व्हावें, ही इच्छा त्याच्या मनांत ह्या दुखण्यांतून उत्पन्न झाली, असें त्यानेंच पुढें सांगितलें आहे.

युद्धाच्या शेवटच्या वर्षांत शाळा नांवालाच उरल्या, आणि विद्यार्थ्यांना कारखान्यांत जुंपण्यांत आलें. ओसामुला ओसाकांतील लष्करी कारखान्यांत काम मिळालें. तेथेंहि तो लपूनछपून चित्रकथा काढी, आणि कामगारांना वाचतां यावी म्हणून शौचकूपाच्या भिंतीवर चिकटवी. जून १९४५ मध्यें ओसाकावर विमानांचा मोठा हल्ला झाला, त्या वेळीं तो टेहळणीच्या मनोऱ्यावर होता. बाँब अगदीं जवळ पडले. तो वांचला, परंतु खालीं उतरल्यावर योदो नदीच्या परिसरांत त्याला प्रेतांच्या राशी पाहाव्या लागल्या. सोळा वर्षांच्या मुलानें हें पाहिलें होतें, हें विसरून त्याच्या पुढील कथा वाचतां येणार नाहींत.

ह्याच काळांतील दोन गोष्टी एकमेकींच्या शेजारीं ठेवून पाहिल्या पाहिजेत. १९४५ च्या एप्रिलमध्यें ओसाकांतील एका चित्रपटगृहांत ‘मोमोतारो’ ह्या लोककथेंतील वीरावर रचलेला एक लांबलचक व्यंगचित्रपट दाखविला गेला. जपानी आरमाराच्या पुरस्कारानें मित्सुयो सेओ ह्यानें तो तयार केला होता, आणि उद्देश उघड प्रचाराचा होता. शहर जळत होतें आणि चित्रपटगृह बहुतेक रिकामें होतें. ओसामु मात्र आंत बसून रडत होता. प्रचारानें तो गहिंवरला नव्हता. चित्रांना असें हळुवार, काव्यमय जीवन देतां येतें, ह्या जाणिवेनें त्याच्या डोळ्यांत पाणी आलें. आपणहि एक दिवस असा पट काढावयाचा, असा निश्चय त्यानें तेथेंच केला. ह्यापूर्वीं १९४२ सालीं शांघायमधील वान बंधूंचा, माकडराजाच्या कथेवरील चिनी व्यंगचित्रपट जपानांत आला होता. त्याचाहि त्याच्यावर असाच परिणाम झाला होता.

दुसरी गोष्ट अशी कीं, त्याच वर्षीं त्यानें स्वतःसाठीं एक चित्रकथा काढली, तिचें नांव ‘विजयाच्या दिवसापर्यंत’. तींत एका जपानी मुलावर शत्रूचें विमान गोळ्या झाडतें, आणि त्या विमानाचा वैमानिक आहे मिकी माउस. ज्याच्यावर लहानपणीं जीव जडला, तोच शत्रु होऊन आकाशांतून येत आहे! आणि गोळी लागल्यावर त्या मुलाच्या अंगांतून रक्त वाहतें. ही लहानशी बाब वाटेल. परंतु व्यंगचित्रांतील पात्र उंच कड्यावरून पडलें तरी पुन्हां उठून चालूं लागतें, असा तोंवर सर्वत्र संकेत होता. ओसामुच्या रेषा त्याच मऊ, गोलसर अमेरिकन वळणाच्या राहिल्या. पण त्या रेषांनीं बनलेलें शरीर आतां जखमी होऊं लागलें, मरूं लागलें. जपानी समीक्षकांनीं पुढें ह्या पानाला मोठें महत्त्व दिलें आहे, आणि तें योग्यच आहे. त्याच्या साऱ्या कलेचें बीज मला येथें दिसतें.

१५ ऑगस्ट १९४५ रोजीं युद्ध संपलें. बरेच दिवस अंधारांत असलेल्या ओसाकांत पुन्हां दिवे लागलेले पाहून आपण जिवंत राहिलों, आतां मनसोक्त चित्रें काढतां येतील, असें त्याला वाटलें. त्याच वर्षीं तो ओसाका विद्यापीठाच्या वैद्यकीय शिक्षणक्रमांत दाखल झाला होता. दिवसा शरीरशास्त्र, रात्रीं चित्रकथा, असा दुहेरी संसार सुरू झाला. ४ जानेवारी १९४६ पासून मुलांच्या एका वर्तमानपत्राच्या ओसाका आवृत्तींत त्याची ‘माआ-चानची रोजनिशी’ ही चार चौकटींची मालिका येऊं लागली. टंचाईच्या दिवसांतील एका खोडकर मुलाच्या ह्या साध्यासुध्या गमतींनीं त्याचें नांव छापून आलें. पण त्याला सांगावयाचें होतें तें चार चौकटींत मावणारें नव्हतें.

ती संधि १९४७ च्या आरंभीं आली. शिचिमा साकाई हा ओसाकांतील वयानें मोठा आणि अनुभवी चित्रकार होता. त्यानें कथानक पुरविलें, तेझुकानें चित्रें काढलीं, आणि ‘शिन ताकाराजिमा’ म्हणजे ‘नवें रत्नद्वीप’ हें पुस्तक बाहेर पडलें. पुस्तकाचा आरंभ असा : एक मुलगा उघड्या मोटारींत बसून बंदराकडे भरधांव निघाला आहे. मोटार लांबून येते, जवळ येते, वळण घेते. कधीं आपण तिच्या समोर असतों, कधीं बाजूला. शब्द जवळजवळ नाहींत. एरव्हीं जो प्रसंग एका चौकटींत उरकला गेला असता, त्याला येथें पानेंच्या पानें दिलीं होतीं. चित्रपटांत छायालेखक जसा यंत्र मागेंपुढें नेतो, तशी वाचकाची नजर येथें फिरविली होती. ह्या पुस्तकाच्या चार लाख प्रती खपल्या असें सांगितलें जातें. आंकडा नेमका असो वा नसो, त्याचा परिणाम निश्चित आहे. तोयामा प्रांतांतील दोन शाळकरी मित्रांनीं तें वाचलें, तेव्हां आपण कागदावर छापलेला चित्रपटच पाहत आहोंत असें त्यांना वाटलें. हे मित्र पुढें ‘फुजिको फुजिओ’ ह्या जोडनांवानें प्रसिद्ध झाले, आणि त्यांच्यापैकीं एकानें १९७० च्या सुमारास ‘डोरेमॉन’ हें निळें यंत्रमांजर जन्मास घातलें. तें मांजर आज आपल्या मुलांच्याहि ओळखीचें आहे. ओसाकांतील त्या मोटारीचा रस्ता असा आपल्या दिवाणखान्यापर्यंत येऊन पोंचला आहे.

ही पद्धति तेझुकानें शून्यांतून शोधून काढली, असें पुष्कळ वर्षें म्हटलें जात होतें. पुढील अभ्यासकांनीं त्याला हरकत घेतली, आणि ‘स्पीड तारो’सारख्या पूर्वीच्या कृतींकडे बोट दाखविलें. ती हरकत मान्य केली पाहिजे. परंतु तेवढ्यानें तेझुकाचें महत्त्व उणें होत नाहीं. पूर्वीच्यांनीं चित्रपटाची चपळाई कागदावर आणली होती, ती गंमत म्हणून. तेझुकानें ती दीर्घ कथेच्या सेवेस लावली. पात्राच्या मनांतील भीति, वाट पाहणें, विरह हें सारें चौकटींच्या लयींतून दाखवितां येतें, हें त्यानें आपल्या पुढील पुस्तकांतून सिद्ध केलें.

हीं पुस्तकें कोठें छापलीं जात, हेंहि ऐकण्यासारखें आहे. युद्धानंतर चांगल्या कागदावर सरकारी नियंत्रण होतें. ओसाकांतील मात्सुयामाची ह्या पेठेंतले लहान प्रकाशक नियंत्रणाबाहेरच्या जाड्याभरड्या कागदावर मुलांचीं पुस्तकें छापीत आणि तीं खेळण्यांच्या व खाऊच्या दुकानांतून विकीत. भडक तांबड्या वेष्टनामुळें त्यांना ‘आकाहोन’ म्हणजे ‘तांबडीं पुस्तकें’ म्हणत. प्रतिष्ठित टीकाकारांची त्यांच्याकडे नजरहि जात नसे. ह्या दुर्लक्षाचाच तेझुकाला लाभ झाला. कोणी पाहत नव्हतें, म्हणून त्याला हवें तें करतां आलें. १९४८ सालीं अशाच एका पुस्तकांत त्यानें मिमिओ नांवाचा बुद्धिमान ससा आणला. शास्त्रज्ञांनीं त्याला माणसासारखें बोलावयास शिकविलें आहे, तरी लोक त्याला जनावरच समजतात. भूगर्भांतून बोगदा खणण्याच्या साहसांत तो सर्वांना वांचवितो, स्वतः मात्र मरतो. आणि मरतांना, मी माणूसच आहें ना, असें विचारतो. मुलांच्या पुस्तकाचा शेवट असा करणें त्या काळीं धाडसाचें होतें. पण ज्यानें जून महिन्यांतील ओसाका पाहिलें होतें, त्याला मुलांपासून मरण लपवून ठेवणें हा खोटेपणा वाटला असला पाहिजे. मुलें ह्या पुस्तकांना भ्यालीं नाहींत. त्यांनीं तीं पुन्हां पुन्हां वाचलीं.

रंगभूमीचा संस्कारहि आतां निराळ्या रूपानें प्रकट झाला. नाटकमंडळीजवळ जसे ठरलेले नट असतात आणि आज राजा झालेला नट उद्यां चोर होतो, तशी तेझुकानें आपल्या पात्रांचीच एक मंडळी बनविली. मिशाळ म्हातारा ‘हिगेओयाजी’ एका पुस्तकांत गुप्त पोलीस, तर दुसऱ्यांत शिक्षक. वाचक त्याला पाहतांच ओळखत आणि ह्या वेळीं त्याची भूमिका कोणती म्हणून पान उलटीत. १९४९ सालच्या ‘मेट्रोपोलिस’ ह्या पुस्तकाला जर्मन दिग्दर्शक फ्रिट्झ लांग ह्याच्या त्याच नांवाच्या चित्रपटाचें एक छायाचित्र निमित्त झालें. मूळ चित्रपट तेझुकानें तोंवर पाहिलेला नव्हता. एका छायाचित्रावरून संपूर्ण कथा रचणारी ही कल्पना किती भुकेलेली असेल! त्या कथेंतील कृत्रिम मानव मिची हा मुलगाहि होऊं शकतो आणि मुलगीहि. ताकाराझुकाच्या रंगमंचावर पुरुषवेष घेणाऱ्या मुलींची आठवण येथें सहज होते.

अशा रीतीनें एकीकडे नांव होत असतां दुसरीकडे वैद्यकाचा अभ्यास चालूंच होता, आणि दोन्ही डगरींवर हात ठेवणें दिवसेंदिवस कठीण होत चाललें. डॉक्टरी हा मानाचा व खात्रीचा व्यवसाय. चित्रकथा म्हणजे खाऊच्या दुकानांत विकली जाणारी वस्तु. अशा वेळीं पालक काय सल्ला देतील, हें आपणांपैकीं प्रत्येकाला ठाऊक आहे. तेझुकानें आपला प्रश्न आईपुढें मांडला. तिनें उलट एवढेंच विचारलें कीं, तुला मनापासून अधिक काय आवडतें? त्यानें चित्रकथा म्हणून सांगतांच, मग तेंच कर, असें तिनें उत्तर दिलें. तरीहि हातीं घेतलेलें शिक्षण त्यानें अर्धवट सोडलें नाहीं. १९५२ सालीं तो वैद्यकाची राष्ट्रीय परीक्षा उत्तीर्ण झाला. पुढें १९६१ मध्यें गोगलगाईंच्या पेशींवरील संशोधनाबद्दल त्याला डॉक्टरेटहि मिळाली. रुग्णांची चिकित्सा त्यानें व्यवसाय म्हणून केली नाहीं. पण शरीराविषयींचें तें ज्ञान वायां गेलें नाहीं.

१९५० सालापासून टोकियोच्या मासिकांचें दार उघडलें. त्या वर्षीच्या नोव्हेंबरमध्यें ‘मांगा शोनेन’ ह्या मासिकांत पांढऱ्या सिंहाची कथा ‘जंगलचा सम्राट’ सुरू झाली. पुढल्याच वर्षीं डिस्नेचा ‘बँबी’ जपानांत आला, आणि तेझुकानें तो ऐंशींहून अधिक वेळां पाहिला. युद्धांत मिकीला शत्रु म्हणून रंगविणारा हा मुलगा आपल्या गुरूकडे असा परत आला.

एप्रिल १९५१ मध्यें ‘शोनेन’ मासिकांत ‘राजदूत अॅटम’ ही कथा सुरू झाली. जपान त्या वेळीं अमेरिकन सैन्याच्या ताब्यांत होता. इंग्रजी न कळल्यामुळें आपण एकदां अमेरिकन सैनिकांचा मार खाल्ला, आणि भाषा न समजल्यानें माणसें माणसांशीं कशीं वागतात हा विचार तेव्हांपासून मनांत घर करून राहिला, असें तेझुकानें लिहून ठेवलें आहे. त्या कथेंत पृथ्वीवरील माणसें आणि दुसऱ्या ग्रहावरून आलेलीं, हुबेहूब तशींच दिसणारीं माणसें ह्यांच्यांत वैर पेटतें. मध्यस्थी करावयास जातो यंत्राचा मुलगा अॅटम, आणि विश्वासाची खूण म्हणून आपलें मस्तकच काढून समोरच्यांच्या हवालीं करतो. दुय्यम म्हणून आणलेलें हें पात्र वाचकांना इतकें आवडलें कीं, एप्रिल १९५२ पासून तेंच नायक झालें. त्याच महिन्याच्या २८ तारखेस जपानवरील परकीय ताबा संपला.

१९५३ च्या जानेवारींत मुलींच्या मासिकांत ‘रिबन नो किशी’ ही, राजपुत्राच्या वेषांत तलवार चालविणाऱ्या राजकन्येची कथा आली. ताकाराझुकाचें ऋण तींत उघडपणें फेडलें आहे. त्याच वर्षीं तेझुका टोकियोंत ‘तोकिवा-सो’ नांवाच्या दुमजली लांकडी चाळीत राहावयास गेले. १९५४ सालीं त्यांनीं ती खोली सोडली, तेव्हां तींत येऊन राहिले ते फुजिको फुजिओ. पाठोपाठ इशिनोमोरी, आकात्सुका प्रभृति तरुणहि त्याच इमारतींत आले. तेझुकांचें पुस्तक वाचून ज्यांनीं लेखणी उचलली होती, तेच आतां त्यांचे शेजारी आणि सहकारी झाले. ती इमारत १९८२ सालीं पाडली गेली. २०२० मध्यें तिची हुबेहूब प्रतिकृति उभारून तेथें संग्रहालय करण्यांत आलें आहे.

सर्वच पालक तेझुकांच्या आईसारखे नव्हते, हेंहि सांगितलें पाहिजे. १९५५ च्या सुमारास जपानांत मुलांच्या ‘वाईट पुस्तकां’विरुद्ध मोठी चळवळ झाली, आणि टीकेच्या झोडींतून तेझुकाहि सुटले नाहींत. त्या टीकाकारांचा हेतु वाईट होता असें मी म्हणणार नाहीं. निकस पुस्तकें पुष्कळ होतीं. त्यांची चूक एवढीच कीं, वेष्टन पाहून त्यांनीं आंतील मजकुराचा निकाल लावला.

पुढील इतिहास थोडक्यांत सांगतों. १ जानेवारी १९६३ पासून अॅटम दूरचित्रवाणीच्या पडद्यावर हिंडूंफिरूं लागला, आणि रिकाम्या चित्रपटगृहांत केलेला निश्चय पुरा झाला. त्यासाठीं काढलेल्या कंपनीनें मात्र १९७३ सालीं दिवाळें काढलें. त्याच वर्षीं तेझुकांनीं ‘ब्लॅक जॅक’ ह्या शस्त्रवैद्याची कथा सुरू केली, आणि वैद्यकाचें विद्यार्थिदशेंतील ज्ञान कामीं आलें. १९७२ ते १९८३ पर्यंत त्यांनीं ‘बुद्ध’ ही प्रदीर्घ चित्रकथा रचली. कपिलवस्तूचा राजपुत्र, वर्णव्यवस्थेचे चटके, रोग, वार्धक्य आणि मृत्यु, असा तो आपल्या भूमींतील विषय. पण त्याची वाट त्यांना लहानपणींच दिसली होती असें म्हणावेंसें वाटतें. ९ फेब्रुवारी १९८९ रोजीं, वयाच्या साठाव्या वर्षीं, त्यांचें निधन झालें. त्यांनीं काढलेल्या पानांची संख्या सुमारें दीड लाख सांगतात.

श्रोतेहो, ह्या माणसावर कोणाकोणाचे संस्कार झाले, ह्याची यादी आपण पाहिली : रंगभूमि, चित्रपट, कीटक, डिस्ने, चिनी माकडराजा, आणि युद्ध. ह्यांपैकीं युद्ध कोणत्याहि मुलाच्या वांट्यास येऊं नये. बाकीच्या गोष्टी त्या काळच्या हजारों मुलांनीं पाहिल्या असतील. पण आवाज बदलून चित्रकथा वाचून दाखविणारी आई, आणि खोलींत अंधार करून पडदा लावणारे वडील, हीं कांहीं प्रत्येक घरांत नव्हतीं. त्यांनीं मुलाला चित्रकार बनविण्याचा कोणताहि बेत केला नव्हता. त्याला जें आवडे त्यांत त्यांनीं स्वतः रस घेतला, इतकेंच. आज ताकाराझुका येथें, त्याच नाटकगृहापासून जवळ, तेझुकांच्या नांवाचें संग्रहालय आहे; १९९४ सालीं तें उघडलें. तेथें आईबापांचीं बोटें धरून आलेलीं मुलें किड्यांच्या त्या जुन्या चित्रांसमोर उभीं राहतात.